डावरे मास्तरांची प्लेट

मित्रांनो, प्लेट म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांसमोर नाश्ता उभा राहिला असेल, तर त्यात तुमची काही चूक नाही. पण माझ्यावर आजवर कुणी घासभरही वाढलेले नाही, आणि वाढूही नये. माझ्या अंगाला अजून शाईचा वास येतो. मी छापण्याच्या कामातली तांब्याची प्लेट आहे. वीतभर रुंद, दीड वीत उंच आणि आता बऱ्यापैकी जुनी. स्वतःविषयी बोलण्याची मला सवय नाही. दुसऱ्याचे चित्र पोटात धरून गप्प बसणे हाच माझा धंदा. तरीही एका माणसाची हकीकत माझ्याइतकी जवळून कुणी पाहिली नसावी, असे मला भीतभीत वाटते. म्हणून बोलते. कुठे चुकले तर सांभाळून घ्या.

माझा जन्म भांडी घडवणाऱ्याच्या दुकानात झाला. तांब्याचा एक मोठा पत्रा होता. त्यातून माझ्या शेजारच्या तुकड्याची घागर झाली, पलीकडच्याचे झाकण झाले. मी मात्र उरलासुरला चौकोनी तुकडा. ना गोल, ना खोल. महिनाभर मी दाराला अडसर म्हणून उभी होते. मग एके दिवशी एक उंच, किडकिडीत गृहस्थ आले. त्यांनी मला डाव्या हाताने उचलले, उजेडाकडे तिरपे धरले आणि अंगठ्याने माझे पोट चोळून पाहिले.

दुकानदार म्हणाला, "हा कशाला घेता? कोपऱ्यात वाकलाय."

"कोपऱ्याचं मी बघतो. पोट सपाट आहे ना, मग झालं."

मला कुणी पसंत केल्याची ती पहिलीच वेळ. ते गृहस्थ चित्रशाळेच्या मागच्या अंगणात असलेल्या छापखान्याचे मास्तर होते. सगळे त्यांना डावरे मास्तर म्हणत. डावरे हे त्यांचे आडनाव नव्हते, ते सगळी हत्यारे डाव्या हाताने चालवीत म्हणून पडलेले नाव होते. पण ते इतके पक्के बसले होते, की चित्रशाळेची पत्रेदेखील 'श्री. डावरे यांस' अशी येत. मास्तर ती मुकाट्याने घेत. "खऱ्या नावानं हाक मारली तर मीच वळून बघायचो नाही," असे म्हणत.

त्या छापखान्यात तीन खोल्या होत्या. पहिलीत अ‍ॅसिडची पसरट भांडी आणि दोन मोठ्या खिडक्या. दुसरीत कागद ओलवायचे टेबल. तिसरीत प्रेस. प्रेस म्हणजे दोन जाड लोखंडी रूळ, त्यांच्यामधून सरकणारा एक पाट आणि बाजूला माणसाच्या छातीएवढे चाक. आमच्या कामाला एचिंग म्हणतात. पुस्तकांत त्याला अम्लरेखन असे भारदस्त नाव आहे, पण तिथे ते कुणाच्या तोंडून ऐकल्याचे मला आठवत नाही.

मास्तरांनी माझा कोपरा लाकडी हातोडीने ठोकून सरळ केला. मग कानशीने माझ्या चारी कडा उतरत्या केल्या. कड धारदार राहिली तर कागद फाटतो आणि वरचे लोकरीचे कापडही कापले जाते. मग ओल्या खडूने घासून माझ्या अंगावरचा सगळा तेलकटपणा काढला. इतकी चकचकीत मी पुन्हा कधी झाले नाही. माझ्यात पाहून मास्तरांच्या हाताखालच्या बाईने केस सारखे केले होते.

ती बाई म्हणजे मास्तरांचीच लेक. बारा वर्षे ती त्यांच्याकडे काम शिकत होती. घरी ती त्यांना बाबा म्हणे. छापखान्याच्या उंबऱ्याच्या आत मात्र मास्तर. हा नियम मास्तरांचा. "इथं बाप दिसला की हात ढिला पडतो," असे त्यांचे म्हणणे.

मास्तरांचे काम संपत आले होते. डोळे थकले होते, आणि वर्षअखेर ते चाक लेकीच्या हाती देणार होते. आता त्या छापखान्याची एक रीत सांगायला हवी, नाही तर पुढचे तुम्हाला कळणार नाही. जो मास्तर काम खाली ठेवतो, त्याचे चित्र त्याच्या शिष्याने प्लेटवर करायचे. मास्तरांनी ती प्लेट आधी पाहायची नाही आणि त्या कामात एका शब्दाचाही सल्ला द्यायचा नाही. शेवटच्या दिवशी शिष्याने प्लेटला शाई लावून, वर कागद झाकून ती प्रेसवर ठेवायची आणि सर्वांसमोर मास्तरांनी चाक फिरवायचे. चाकावरचा त्यांचा हात निघाला की काम संपले. मग त्यांनी त्या चाकाला पुन्हा कधी हात लावायचा नाही. त्या दिवशी निघालेला छाप कायमचा भिंतीवर लागे. असे पाच छाप तिथे होते. पाचही मास्तर आपापल्या कामात गुंग. सहावी जागा रिकामी होती, खिळा ठोकलेला होता.

त्या सहाव्या जागेसाठी लेकीने मला निवडले. माझ्याहून मोठ्या आणि सरळ कोपऱ्यांच्या प्लेटा कपाटात असताना मीच का, हे मला आजही ठाऊक नाही. पण तेव्हापासून मनातल्या मनात मी जरा ताठ उभी राहू लागले.

ती पंधरा दिवस मास्तरांना समोर बसवून कागदावर चित्र काढत होती. मास्तर दुसऱ्या एका प्लेटवर अक्षरे कोरत बसत. डाव्या हातात सुई, नाकावर घसरलेला चष्मा. आयुष्यभर सगळ्यांना सल्ले दिलेल्या माणसाला गप्प बसवणे म्हणजे काय, ते मी तेव्हा पाहिले.

"मी फक्त एवढंच विचारतो, की..."

"मास्तर, नियम!"

"अगं, विचारतोय, सांगत नाहीये."

"तुमचं विचारणं म्हणजे सांगणंच असतं."

शेजारच्या खोलीतून कागदवाल्या मावशी ओरडल्या, "असू द्या हो मास्तर! तीस वर्षांत पहिल्यांदा या भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक ऐकू येतेय मला!"

मावशी कागद ओलवून, थोपटून, दोन फळ्यांमध्ये दाबून ठेवण्याचे काम करीत. कागद किती ओला हवा हे त्या गालाला लावून ठरवीत. त्यांच्या जिभेला मात्र असे काही माप नव्हते.

मित्रांनो, छापात सगळे उलटे येते. प्लेटवर जे डावीकडे, ते कागदावर उजवीकडे. म्हणून प्लेटवर आधीच उलटे चित्र काढावे लागते. लेकीला हे तुमच्या-माझ्यापेक्षा चांगले ठाऊक होते. म्हणून तिने मास्तरांच्या पुढ्यात तिरका आरसा लावला आणि त्यात दिसणारे उलटे मास्तर कागदावर उतरवले. इथवर ठीक. मग तिने माझ्या अंगावर मेण आणि डांबर यांचा पातळ थर दिला आणि तो मेणबत्तीच्या धुराने काळा केला. आता कागदावरचे चित्र माझ्यावर आणायचे होते. डोळ्याने पाहून उतरवताना एखादी रेघ चुकेल, या भीतीने तिने तो कागद माझ्यावर पालथा घातला आणि प्रेसमधून काढला. शिसपेन्सिलीच्या रेघा जशाच्या तशा माझ्यावर उतरल्या.

कागद पालथा घातला की चित्र उलटते. आरशाने एकदा उलटले होते. पालथ्या कागदाने ते पुन्हा उलटले, म्हणजे सुलटे झाले. अतिकाळजीने माणूस दोनदा कुलूप लावायला जातो आणि दुसऱ्या वेळी ते उघडून निघून जातो, तसे झाले.

मग तिने सुईने त्या रेघांवरून मेण खरवडले. जिथे सुई फिरे तिथे माझे लालसर अंग उघडे पडे. ती मला अ‍ॅसिडमध्ये सोडी आणि पिसाने वरचे बुडबुडे हळूच बाजूला सारी. उघड्या रेघा अ‍ॅसिड खाई, मेणाखालचे अंग वाचे. चष्म्याच्या काचेसारख्या नाजूक रेघा चार मिनिटांत बाहेर काढून तिने लाखेने बंद केल्या. कोटाच्या घड्या तासभर आत राहिल्या. दुखले का, असे तुम्ही विचाराल. थोडे झोंबले. पण प्रत्येक बुडीनंतर माझ्यात कुणीतरी अधिक स्पष्ट होत होते, आणि ते मला फार आवडत होते.

शेवटी तिने टर्पेंटाइनने मला स्वच्छ पुसले. मावशी हात पुसत आल्या आणि पाहतच राहिल्या.

"अगं बाई! हुबेहूब मास्तर! तो बघ हात, ती बघ मान, जसेच्या तसे बसलेत!"

लेक इतकी खूश झाली की तिला हुंदका आला. मलाही वाटले, सगळे छान झाले. रोज समोर दिसणारे मास्तर माझ्यावर तसेच होते, डाव्या हातात सुई धरलेले. मित्रांनो, आमच्या धंद्यात प्लेट हुबेहूब दिसली की घाबरायचे असते. बारा वर्षे शिकलेली लेक, तीस वर्षे तिथे काम करणाऱ्या मावशी आणि स्वतःला शहाणी समजणारी मी, तिघींपैकी एकीलाही ते सुचले नाही.

तो दिवस उजाडला. सकाळी अकराची वेळ. प्रेसच्या खोलीत दाटीवाटीने माणसे उभी होती. चित्रशाळेचे प्राचार्य आले होते, जुने शिष्य आले होते. लेकीने माझ्या रेघांत शाई भरली, जाळीच्या ताठ कापडाने वरची पुसली आणि शेवटी खडू लावलेल्या तळव्याने मला हलकेच निपटले. मग मावशींचा ओला कागद माझ्यावर आला, त्यावर लोकरीची कापडे. मास्तरांनी बाह्या सारल्या आणि डावा हात चाकावर ठेवला.

मी त्या रुळांमधून गेले. तो दाब शब्दांत सांगता येत नाही. कागद माझ्या प्रत्येक रेघेत उतरला आणि सगळी शाई घेऊन गेला. चाक थांबले. हात चाकावर ठेवूनच मास्तर म्हणाले, "उचल."

लेकीने कागद दोन कोपऱ्यांना धरून सोलला आणि सर्वांना दिसेल असा वर केला.

काम सुरेख होते. काळेभोर, मखमली. चष्म्यामागचे डोळेसुद्धा जिवंत. पण चित्रातल्या मास्तरांच्या उजव्या हातात सुई होती.

 मग प्राचार्य हसले. माणूस वाईट नव्हता, गप्प बसवत नसे इतकेच. "वा! आयुष्यभर नाही जमलं ते चित्रात जमलं! मास्तर, शेवटी तुमचा हात सुधारला बरं का!"

काही जण हसले. मास्तरही हसले, पण माझ्यावर अजून त्यांची सावली होती आणि ती हलली ते मी पाहिले. लहानपणी शाळेत त्यांचा डावा हात बाकाला बांधून ठेवत. दोन वर्षे. तेव्हापासून ते लिहीत उजव्या हाताने, पण सुई, करवत, कानस, चाक, जे जे म्हणून त्यांना मनापासून आवडे, ते सगळे डाव्या हाताकडे गेले. आता भिंतीवर, पाच मास्तरांच्या रांगेत, तो हात पुन्हा बांधलेला लागणार होता. आणि बांधणारी होती त्यांची स्वतःची मुलगी.

लेकीचा चेहरा कागदापेक्षा पांढरा झाला. तिने छाप टेबलावर ठेवला, माझ्याकडे वळली आणि खरवडायचे हत्यार उचलले.

"खरवडून टाकते. सगळं घासून पुन्हा करते."

"हात खाली," मास्तर म्हणाले.

"बाबा, मी तुमचा हात..."

"इथं मास्तर म्हणायचं."

 मास्तर जागचे हलू शकत नव्हते. चाक सोडले की काम संपले, तोच छाप शेवटचा, ही रीत. प्राचार्यांना कोंडी कळली असावी, कारण ते मऊ आवाजात म्हणाले, "राहू द्या हो. एवढं कोण बघतंय? काढा आता हात, मास्तर. चहा गार होतोय."

"मास्तर, खबरदार हात काढलात तर!" मावशी कडाडल्या. प्राचार्य दचकून अर्धे पाऊल मागे सरले.

मास्तर लेकीकडे पाहत होते. सल्ला द्यायला त्यांना बंदी होती. ते इतकेच म्हणाले, "प्लेटवर राग काढू नकोस. प्लेटवर मी कसा आहे?"

ती माझ्यावर वाकली. तिच्या डोळ्यांतला एक थेंब माझ्यावर पडला. "डावखुरा," ती म्हणाली.

"मग चूक तिची नाही. आता परीक्षेतला एक प्रश्न विचारतो. हे सांगणं नव्हे, विचारणंच आहे. छापावरची शाई वाळायला किती वेळ लागतो?"

"दोन दिवस. जाड असेल तर..." ती थांबली. तिने टेबलावरच्या छापाकडे पाहिले. तो ओला होता, शाई अजून चमकत होती. मग ती इतक्या जोराने ओरडली की प्राचार्यांच्या हातातली काठी पडली.

"मावशी, कागद!"

मावशी आधीच निघाल्या होत्या. लेकीने मला पाटावरून उचलून बाजूला ठेवले. पाटावर ओला छाप उताणा ठेवला. त्याच्यावर मावशींनी गालाला लावून पाहिलेला कोरा ओला कागद आला, तोंडाला तोंड लावून. वर लोकर. "मास्तर, फिरवा!"

मास्तरांनी चाक फिरवले. माझ्या पोटातून निघालेली शाई आता एका कागदावरून दुसऱ्या कागदावर जात होती, आणि जाताना चित्र आणखी एकदा उलटत होते. मी बाजूच्या टेबलावर पडून नुसती ऐकत होते. मला इतकी भीती आयुष्यात कधी वाटली नाही, अ‍ॅसिडमध्येसुद्धा नाही.

लेकीने कागद सोलला.

चित्र फिके होते. कोटाचा काळा रंग पावसाळी ढगासारखा राखाडी झाला होता, चष्म्याच्या बारीक रेघा जेमतेम टिकल्या होत्या. पण सुई डाव्या हातात होती.

"फिकं आलंय," लेक घाबरत म्हणाली.

"मीही आता तसा फिकाच झालोय," मास्तर म्हणाले. आणि त्यांनी चाकावरचा हात काढला.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. प्राचार्यांनी त्या सर्वांत जास्त वेळ वाजवल्या, हे मी त्यांच्या बाजूने नमूद करते. मग छापाखाली मास्तरांची सही हवी होती. मावशींनी पेन्सिल पुढे केली. मास्तरांनी ती उजव्या हातात घेतली, थोडे थांबले आणि डाव्या हातात घेतली.

"अहो, सही तुम्ही उजव्यानं करता ना?"

"आज या हाताचा मान आहे, मावशी."

त्यांनी सावकाश, जीभ दातांत धरून सही केली. खरे नाव लिहिले, डावरे नव्हे. लेकीने वाकून वाचायचा प्रयत्न केला आणि तिला एकदम हसू फुटले. चाळीस वर्षे त्या हाताने प्लेटांवर फक्त उलटी अक्षरे कोरली होती. त्याला दुसरे लिहिणे ठाऊकच नव्हते. सही साफ, वळणदार आणि आरपार उलटी आली होती.

मास्तरांनी चष्मा वर करून पाहिले आणि तेही हसायला लागले. मुलीच्या खांद्याला धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. "राहू दे," म्हणाले. "खोडू नका. या हाताला आजवर कुणी सही करायला सांगितलीच नव्हती."

तो छाप भिंतीवर लागला. सहा जणांत सर्वांत फिका, आणि येणारे लोक सर्वांत जास्त वेळ थांबतात ते त्याच्यापुढे.

माझे पुढचे दिवस थोडक्यात सांगते. मास्तर गेले. लेक मास्तर झाली. एकदा रंगकामाच्या गडबडीत कपाटे रिकामी झाली आणि मी एका खिडकीत जाऊन पडले. कुणी माझ्यावर गरम किटली ठेवली, तिचे वर्तुळ अजून माझ्या खालच्या कोपऱ्यात आहे. कडा हिरव्या पडल्या. मग एका नव्या सफाईवाल्या काकांना माझी दया आली. त्यांनी लिंबू आणि वाळू घेऊन मला चमकवायला सुरुवात केली. तिसऱ्या हाताला लेक धावत आली आणि तिने त्यांच्या हातून मला अक्षरशः हिसकावले. काका बिचारे खजील होऊन म्हणाले, "मळलेली होती म्हणून घासली, बाई." त्यांचे तीन ओरखडे चित्रातल्या मास्तरांच्या टेबलावर राहून गेले. मला त्यांचा राग नाही. ज्याला जे ठाऊक नसते, ते त्याला मळच वाटते.

लेकीने मला मेणाचा हात दिला, मऊ कागदात गुंडाळले आणि स्वतःच्या खणात ठेवले.

मध्यंतरी तिच्या हाताखालची एक शिष्या म्हणाली, "ताई, ही प्लेट अजून खणखणीत आहे. भिंतीवरचा छाप किती फिका पडलाय! हिच्यावरून एक गडद काढू या?"

लेकीने मान हलवली. "हिच्यावरून काढलेला प्रत्येक छाप बाबांचा हात बदलतो," ती म्हणाली. छापखान्याच्या उंबऱ्याच्या आत तिने बाबा म्हटल्याचे मी दुसऱ्यांदाच ऐकले.

छापण्यासाठी जन्मलेली मी, आयुष्यात एकदाच छापली गेले. दुसऱ्या प्लेटा शंभर-शंभर छाप देऊन झिजल्या. त्यांना माझी कीव येत असेल. पण खरे सांगू का, मित्रांनो? मला अभिमान वाटतो. दबकत दबकत का होईना, वाटतो.

म्हणून तुमच्यापाशी एवढेच मागणे आहे. एखादी जुनी वस्तू हाती आली, तर घासायच्या आधी तिच्यावर काय आहे ते पाहा. आणि तुमच्या वर्गात कुणी डाव्या हाताने लिहीत असेल, तर त्याला लिहू द्या. मला पाहायला आलात, तर लेक तुम्हाला खण उघडून दाखवील. बोटे लावू नका. मला खिडकीपाशी न्या आणि उजेडाला जरा तिरपी धरा. रेघांमध्ये उजेड उतरेल आणि मास्तर दिसतील, मान खाली घालून कामात गढलेले, डाव्या हातात सुई. त्यांना हाक मारू नका. काम चालू आहे.